बंद पाकीट आणि तिसरा माणूस

एक बंद पाकीट येते. आतल्या पत्रात पत्र घेणाऱ्याला चोर म्हटलेले आहे. तो ते एकटाच वाचतो आणि रात्रभर तळमळतो. त्याचे दुःख खरे आहे, पण एवढ्याने अब्रुनुकसानीचा गुन्हा होत नाही. ज्याच्याविषयी मजकूर आहे त्यालाच बंद पाकिटातून पाठवलेले पत्र म्हणजे प्रसिद्धी, म्हणजेच मजकूर तिसऱ्या कोणापर्यंत पोहोचवणे, नव्हे, असे अलाहाबाद उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने 1884 मध्येच ताकी हुसेन प्रकरणात म्हटले होते.

याचे कारण अब्रू या शब्दातच आहे. माणसाची अब्रू त्याच्या स्वतःच्या मनात नसते, ती चारचौघांच्या नजरेत असते. पूर्वीचे दंड संहितेचे कलम 499 असो किंवा 1 जुलै 2024 पासून लागू झालेले न्याय संहितेचे कलम 356 असो, आरोपामुळे इतरांच्या दृष्टीने माणसाची किंमत कमी झाली पाहिजे, असेच कायदा सांगतो. म्हणून फिर्यादीला सर्वांत आधी तो तिसरा माणूस न्यायालयापुढे उभा करावा लागतो, ज्याने मजकूर वाचला किंवा ऐकला आणि तो कोणाविषयी आहे हे ज्याला समजले.

छापील वृत्तपत्राच्या बाबतीत हे काम त्यातल्या त्यात सोपे होते. 1867 च्या मुद्रणविषयक कायद्यानुसार अंकावर संपादक म्हणून ज्याचे नाव छापलेले असे, त्यानेच मजकूर निवडला असे गृहीत धरता येत असे. मात्र मुख्य संपादकाला हे गृहीतक लागू होत नाही, त्याच्याविरुद्ध फिर्यादीत स्पष्ट आरोप हवेत, असे सर्वोच्च न्यायालयाने 1991 मध्ये के. एम. मॅथ्यू खटल्यात सांगितले. त्या कायद्याची जागा मार्च 2024 मध्ये नव्या कायद्याने घेतली असली, तरी एक साधी खबरदारी आजही उपयोगी पडते: नुसते कात्रण न ठेवता पूर्ण अंक जपून ठेवावा, कारण संपादकाचे नाव कात्रणावर नसते.

मोबाइलवरच्या मजकुराची गोष्ट अधिक अवघड आहे. कोणीतरी व्हॉट्सॲपच्या गटातला संदेश स्क्रीनशॉट काढून फिर्यादीला पाठवतो, फिर्यादी त्याची छापील प्रत काढतो आणि पुरावा हाती आला असे समजतो. परंतु मूळ फोन न्यायालयात आणला नाही, तर इलेक्ट्रॉनिक नोंदीच्या प्रतीसोबत कायद्याने ठरवलेले प्रमाणपत्र द्यावेच लागते. जालन्याच्या विधानसभा निवडणुकीतून उद्भवलेल्या अर्जुन पंडितराव खोतकर प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने जुलै 2020 मध्ये हे पक्के केले. ज्याच्याकडे उपकरण आहे तो प्रमाणपत्र देत नसेल, तर त्यासाठी न्यायालयाकडे अर्ज करता येतो, हेही त्याच निकालात आहे, आणि पुष्कळ फिर्यादींना ते वेळेवर कोणी सांगत नाही.

भिवंडीच्या खटल्यात हाच प्रश्न वेगळ्या रूपात आला. राहुल गांधी यांच्या 2014 मधील तेथील भाषणाविरुद्ध फिर्याद झाली. त्या भाषणाचा लिखित मजकूर गांधींनीच उच्च न्यायालयातल्या आपल्या याचिकेला जोडलेला होता, त्यामुळे तोच पुराव्यात घ्यावा, अशी फिर्यादीची मागणी होती. मुंबई उच्च न्यायालयाने 2021 मध्ये म्हटले की कागद मान्य आहे की अमान्य, हे सांगण्याची आरोपीवर सक्ती करता येत नाही, आणि तो मजकूर स्वीकारणारा दंडाधिकाऱ्यांचा आदेश जुलै 2024 मध्ये रद्द केला. मला ही भूमिका योग्य वाटते. जिथे शिक्षा दोन वर्षांच्या कैदेपर्यंत जाऊ शकते, तिथे सिद्ध करण्याचे ओझे फिर्यादीनेच उचलले पाहिजे.

तरीही त्या ओझ्याखाली दबलेला सामान्य फिर्यादी नजरेआड करता येत नाही. फिर्यादीची मुदत साधारणपणे तीन वर्षांची असते. तेवढ्यात फोन बदलतो, गट बंद होतो, आणि संदेश दाखवणारा शेजारी "मला कोर्टात ओढू नका" म्हणतो. तो आला, तरच उलटतपासणीतले प्रश्न सुरू होतात: हा मजकूर तुम्ही स्वतः वाचलात का, कोणत्या दिवशी, कोणाच्या फोनवर?