चिमट्याने उघडलेले कुलूप

[पडद्यावर: उघडलेला वी कन्सोल. मदरबोर्डवरील मेमरी चिप अगदी जवळून दिसते. शेजारी धातूचा एक साधा चिमटा.]

निन्टेन्डो कंपनीचा वी हा व्हिडिओ गेम खेळण्याचा कन्सोल नोव्हेंबर २००६ मध्ये अमेरिकेत बाजारात आला आणि पुढे जगभरात त्याचे दहा कोटींहून अधिक नग विकले गेले. इतक्या घरांत दिवाणखान्यात जाऊन बसलेले हे यंत्र आतून पाहिले, तर तो एक पुरता संगणकच होता. ७२९ मेगाहर्ट्झचा पॉवरपीसी प्रोसेसर, ८८ एमबी मेमरी, ५१२ एमबीची फ्लॅश साठवण, वायफाय आणि एसडी कार्डासाठी खाच, एवढे सगळे त्या पांढऱ्या पेटीत होते. तरीही मालकाने स्वतः लिहिलेला चार ओळींचा प्रोग्रॅम त्यावर चालत नसे, कारण ग्राफिक्स चिपच्या पोटात आणखी एक लहान प्रोसेसर पहाऱ्याला बसवलेला होता आणि कंपनीची सही नसलेले काहीही तो आत येऊ देत नसे.

या पहारेकऱ्याला जुन्या पाहुण्याच्या वेळी मात्र उठून बाजूला व्हावे लागे. वी हा आधीच्या गेमक्यूब कन्सोलचे खेळही चालवत असे आणि त्या खेळांना जुन्या यंत्राइतकीच मेमरी दिसावी म्हणून मोठ्या, ६४ एमबीच्या मेमरीपैकी फक्त १६ एमबी त्यांच्यासाठी खुली ठेवली जाई. उरलेल्या ४८ एमबीला कुलूप लागे, पण तिच्यातील मजकूर पुसला जात नसे. काही अभ्यासकांनी गेमक्यूबच्या अवस्थेत आपला छोटा प्रोग्रॅम सुरू केला आणि मेमरीकडे जाणाऱ्या पत्त्याच्या वाटा चिमट्याच्या टोकांनी एकमेकींना जोडल्या. त्यासरशी दिसणारी १६ एमबीची खिडकी सरकली आणि बंद भाग वाचता येऊ लागला. त्यात पहारेकऱ्याच्या गुप्त किल्ल्या, म्हणजे कूटलेखनाचे गुप्त आकडे, होत्या. या गटाने पुढे स्वतःला ‘टीम ट्वीझर्स’ म्हणवून घेतले, म्हणजे आपल्या भाषेत चिमटेवाले. डिसेंबर २००७ मध्ये बर्लिन येथे भरलेल्या २४ व्या केऑस कम्युनिकेशन काँग्रेस या हॅकरांच्या संमेलनात वीच्या पूर्ण क्षमतेच्या अवस्थेत चालणारा परका प्रोग्रॅम प्रथमच लोकांसमोर दाखवला गेला.

किल्ल्या हाती आल्यावर जे दिसले, ते मला या साऱ्या हकिगतीतील सर्वांत शिकण्याजोगे वाटते, म्हणून तेथे थोडे थांबू या.

[पडद्यावर: वीस बाइट्सची एक ओळ. पहिल्या घरात शून्य.]

सही तपासण्याची रीत अशी असते. प्रोग्रॅमच्या मजकुरावरून वीस बाइट्सचा एक ठसा, म्हणजे हॅश, काढला जातो, सहीमधूनही तसाच एक ठसा बाहेर येतो आणि दोन्ही तंतोतंत जुळले तरच प्रोग्रॅम चालतो. सहीतून ठसा काढण्यासाठी आकड्यांचे घात करणाऱ्या आरएसए या पद्धतीचे गणित भक्कम आहे आणि वीमध्ये ते कोणी मोडले नाही. चूक झाली ती शेवटच्या पायरीवर, दोन ठसे शेजारी ठेवून पाहताना. हे काम वीस बाइट्स मोजून ताडणाऱ्या फंक्शनकडे द्यायला हवे होते, पण ते ‘स्ट्रएनकम्प’ या अक्षरओळी ताडणाऱ्या फंक्शनकडे दिले गेले. सी भाषेत अक्षरओळ शून्य बाइट आला की संपते, त्यामुळे दोन्ही ठशांचा पहिलाच बाइट शून्य असेल, तर हे फंक्शन पुढचे एकोणीस बाइट न पाहताच दोन्ही सारखे असल्याचा निर्वाळा देते. आता सहीच्या जागी नुसती शून्ये भरली, तर शून्याचा कितीही घात केला तरी शून्यच येते, म्हणजे सहीच्या बाजूचा ठसा आपोआप शून्य झाला. राहिला मजकुराचा ठसा. फाइलमधला एखादा बिनकामाचा आकडा बदलत राहिले, तर सरासरी २५६ प्रयत्नांत एकदा त्याचाही पहिला बाइट शून्य येतो, आणि संगणकाला एवढे प्रयत्न करायला डोळ्याचे पाते लवण्याइतकाही वेळ लागत नाही.

राहता राहिला प्रश्न सर्वसामान्य मालकाचा, ज्याला कन्सोल उघडून चिमटा लावणे शक्य नव्हते. त्याचे उत्तर फेब्रुवारी २००८ मध्ये ‘ट्वायलाइट हॅक’ या नावाने आले. ‘द लेजंड ऑफ झेल्डा: ट्वायलाइट प्रिन्सेस’ या खेळात नायकाच्या घोडीचे नाव खेळणाऱ्याला स्वतः ठेवता येते. ते नाव सेव्ह फाइलमधून वाचताना त्याची लांबी खेळ तपासत नसे. म्हणून घोडीला अवाच्या सवा लांब नाव दिलेली एक सेव्ह फाइल तयार करण्यात आली आणि चिमट्याने मिळवलेल्या किल्लीने तिच्यावर सही करण्यात आली. ती एसडी कार्डावरून कन्सोलमध्ये उतरवायची, खेळ सुरू करायचा आणि समोर उभ्या असलेल्या माणसाशी बोलायला जायचे. नाव आपल्या जागेत न मावता मेमरीत पुढे सांडे आणि प्रोसेसर कार्डावरच्या ‘बूट’ नावाच्या फाइलकडे वळे. अमेरिकेतल्या मालकाला त्याआधी चकतीच्या खालच्या बाजूला, आतल्या कड्यावर कोरलेली बारीक अक्षरे वाचून आपली आवृत्ती कोणती हे ठरवावे लागे.

मे २००८ मध्ये याच गटाने आणलेल्या ‘होमब्रू चॅनल’मुळे, म्हणजे हौशींनी लिहिलेल्या प्रोग्रॅमांच्या चॅनलमुळे, दरवेळचा हा खटाटोप संपला. मुख्य पडद्यावर इतर चॅनलांच्या रांगेत तो एक घर मिळवे आणि कार्डावरील ‘अ‍ॅप्स’ फोल्डरमधले प्रोग्रॅम चित्र व नावासह मांडून दाखवे. चोरीच्या खेळांना या गटाचा विरोध होता आणि तो त्यांनी उघडपणे मांडला. याच त्रुटींचा वापर इतरांनी चोरीसाठी केला, हेही तितकेच खरे आहे. तरीसुद्धा आपले काम फुकट वाटणाऱ्या आणि ‘यासाठी पैसे दिले असतील तर ते परत मागा’ असे इन्स्टॉलरच्या पहिल्याच पडद्यावर बजावणाऱ्या माणसांबद्दल मला मनापासून आदर वाटतो.

निन्टेन्डो स्वस्थ बसली नव्हती. जून २००८ च्या ३.३ या अपडेटपासून ती विशिष्ट सेव्ह फाइल शोधून पुसण्याचे प्रयत्न सुरू झाले आणि मार्च २००९ च्या ४.० या अपडेटने ती वाट बंद केली. मग नव्या वाटा सापडत गेल्या. सुरुवातीच्या कन्सोलांत मात्र एक जागा अशी होती, जी कोणत्याही अपडेटला बदलता येणार नव्हती. यंत्र सुरू होतानाच्या दुसऱ्या टप्प्याचा ठसा कारखान्यातच चिपमध्ये कायमचा कोरलेला असतो, त्यामुळे त्या टप्प्यातील सही तपासण्याची चूकही कायमचीच राहिली. तिच्या आधाराने ‘बूटमी’ हा लोडर, म्हणजे इतर प्रोग्रॅम सुरू करून देणारा प्रोग्रॅम, मुख्य प्रणालीच्या आधी जागा होई आणि एखाद्या फसलेल्या अपडेटने कन्सोलची निव्वळ वीट झाली, तरी त्याला पुन्हा उभे करू शके.

वीची ऑनलाइन खेळण्याची सेवा मे २०१४ मध्ये थांबली आणि ३० जानेवारी २०१९ रोजी त्याचे ऑनलाइन दुकानही बंद झाले. नवीन अपडेट आता येत नाहीत.

[पडद्यावर: काळ्या पार्श्वभूमीवर बूटमीचा पडदा. कन्सोलच्या दर्शनी भागावरील पॉवरचे बटण दाबले जाते, मग रिसेटचे.]

रिमोट नसला तरी बूटमी या दोन बटणांवर चालतो. पॉवरने पर्याय पुढे सरकतो, रिसेटने निवडला जातो. बॅकअप सुरू केला की कन्सोलची संपूर्ण ५१२ एमबी साठवण ठोकळ्या-ठोकळ्याने कार्डावर उतरते आणि शेवटी तिच्या शेजारी ‘कीज’ नावाची आणखी एक फाइल तयार होते. तिचा आकार अवघा १,०२४ बाइट्स. तिच्यात त्या एका कन्सोलच्या सगळ्या किल्ल्या असतात.