पारड्यातला भागाकार

[दृश्य: दोन पारड्यांचा तराजू. डावीकडे शहामृगाचं अंडं.]

हे शहामृगाचं अंडं. वजन १ किलो ४३० ग्रॅम. आणि हे कोंबडीचं, ५८ ग्रॅमचं. वजाबाकी केली तर फरक १,३७२ ग्रॅमचा. आकडा बरोबर, पण त्यातून डोळ्यांसमोर काहीच उभं राहत नाही. एकाच्या वजनात दुसरी किती बसतील, हे विचारलं की भागाकार करावा लागतो.

आधी दोन्ही वजनं एकाच एककात घ्यायची. १,४३० ग्रॅम भागिले ५८ ग्रॅम. उत्तर ग्रॅममध्ये येणार नाही, ते 'पट' असेल.

[दृश्य: फळा. खडू धरलेला हात.]

१४ मध्ये ५८ जात नाहीत. १४३ घेऊ. ५८ म्हणजे जवळपास ६०, म्हणून अंदाज दोनाचा. अठ्ठावन्न दुणे एकशे सोळा. उरले २७.

आता इथे जरा थांबा. हा दोन दशकस्थानी बसलाय, म्हणजे ही वीस अंडी आहेत.

[दृश्य: उजव्या पारड्यात दहा अंडी, मग आणखी दहा.]

११६ दिसतात, पण वजा झाले १,१६० ग्रॅम. डावं पारडं अजून खालीच आहे, २७० ग्रॅमनी. फळ्यावर शून्य खाली उतरवल्यावर नेमके तेच २७० येतात. शाळेत ही पायरी 'वरचा अंक खाली घ्या' एवढ्यावरच उरकतात. कॅल्क्युलेटरवर तर ती दिसतच नाही.

२७० मध्ये ५८ चार वेळा. २३२ गेले, बाकी ३८.

[दृश्य: चार अंडी, एकेक करून. मग पंचविसावं. उजवं पारडं खाली जातं.]

पंचविसावं जास्त झालं. ते काढून २०, १०, ५, २ आणि १ ग्रॅमची वजनं ठेवली. एकूण ३८. काटा किंचित हलतोय, कारण सगळी अंडी तंतोतंत ५८ ग्रॅमची मिळत नाहीत. त्याच्या आसपासची निवडून घेतली आहेत.

ही ३८ ग्रॅमची बाकी टाकून द्यायची नाही. अर्धं अंडं २९ ग्रॅमचं, म्हणजे ही अर्ध्याहून जास्त आहे. दशांश चिन्ह देऊन भागाकार पुढे नेला तर २४.६५. साधारण पावणेपंचवीस पट म्हणा.

[दृश्य: आफ्रिकी हत्ती, सुळ्यांपासून पायांपर्यंत.]

आता ६,१५० किलोचा नर हत्ती आणि ६० किलोचा माणूस. साठ एके साठ, उरला १. खाली ५ घेतला, झाले १५. भाग जात नाही.

[दृश्य: खडू अधांतरी.]

इथे वर शून्य लिहायचं. मगच पुढचं शून्य खाली घ्यायचं: १५०, साठ दुणे एकशे वीस, बाकी ३०. उत्तर १०२. मधलं शून्य गाळलं तर १२.

औषधाची मात्रा रुग्णाच्या वजनावरून काढताना असं शून्य चुकलं, तर मात्रा दहापटीनं बदलू शकते.

[दृश्य: फळा, शेवटची ओळ.]

ताळा करू. १२ गुणिले ६० म्हणजे ७२०, अधिक ३०, झाले ७५०. एवढ्याशा वजनाचा पूर्ण वाढलेला नर हत्ती नसतो. १०२ गुणिले ६० म्हणजे ६,१२०. त्यात बाकीचे ३० मिळवले की ६,१५०.