बोअरचा पॉइंट आणि चार रकान्यांची वही

श्रोतेहो, नमस्कार. आधी एक खेळ. दोन, चार, सहा. हे आकडे एका नियमात बसतात. नियम मी सांगणार नाही. तुम्ही आणखी तीन-तीन आकडे सुचवायचे, मी ‘बसतात’ किंवा ‘नाही’ एवढंच म्हणणार. बहुतेकांचं पहिलं उत्तर असतं आठ, दहा, बारा. बसतात. मग वीस, बावीस, चोवीस. बसतात. आणि लगेच छातीठोक निकाल येतो: दोन-दोनने वाढणारे आकडे! चूक. प्रत्येक आकडा आधीच्यापेक्षा मोठा, एवढाच नियम होता. एक, सात, नव्वदसुद्धा चालले असते, पण ते कुणी विचारून पाहत नाही.

पीटर वेसन या मानसशास्त्रज्ञाने १९६० साली हा प्रयोग प्रसिद्ध केला. २९ जणांपैकी पहिल्याच उत्तरात नियम ओळखणारे फक्त ६ निघाले. बाकीचे अडकले, कारण ‘हो’ मिळेल असेच आकडे ते विचारत राहिले. मनाच्या या खोडीला पुष्टीकरण पूर्वग्रह म्हणतात.

आता आपल्या शिवाराकडे येऊ. चिकोडी-निपाणीकडे बोअर मारायचं ठरलं की अनेक घरांत आधी पाणाड्याला बोलावणं जातं. तळहातावर नारळ घेऊन तो रान फिरतो, नारळ उभा राहिला की तिथे दगड ठेवतो. दोन इंच पाणी लागलं तर गावभर बोलबाला होतो. कोरडं गेलं तर? मालक गप्प बसतो, कर्जाचे हप्ते फेडतो. पारावर फक्त लागलेल्या बोअरच्या गोष्टी जमतात, आणि पाणाड्याचा हात अचूक ठरतो.

जर्मनीत म्युनिकजवळ १९८७-८८ मध्ये याची मोठी चाचणी झाली. सुमारे ५०० पाणाड्यांतून निवडलेले ४३ जण एका कोठाराच्या वरच्या मजल्यावर, खाली जागा बदलत राहणारा पाण्याचा पाइप. एकूण ८४३ चाचण्या. संशोधकांनी त्यातल्या मोजक्या चांगल्या निकालांकडे बोट दाखवून विद्या खरी असल्याचं जाहीर केलं. पुढे जेम्स एनराइट या अमेरिकी शास्त्रज्ञाने तेच आकडे पुन्हा तपासले, तर सगळे मिळून अंदाजाने बोट ठेवण्याच्या पलीकडे जात नव्हते. म्हणजे पूर्वग्रह तपासणाऱ्यांनाही सुटला नाही.

मग तपासायचं कसं? वहीच्या पानावर चार रकाने आखा. पाणाड्याने दाखवलं आणि लागलं. दाखवलं आणि नाही लागलं. न दाखवता, सोयीच्या जागी मारलं आणि लागलं. न दाखवता मारलं आणि नाही लागलं. पारावर बोललं जातं ते पहिल्याच रकान्याचं. समजा, गावात त्याने दाखवलेल्या २० पैकी १४ बोअर लागले. ऐकायला भारीच. पण लाइटच्या खांबाजवळ म्हणून किंवा घरामागे जागा होती म्हणून मारलेल्या १० पैकी ७ लागले असतील, तर दोन्हीकडे शंभरात सत्तरच. नारळाने काय भर घातली?

वही बिघडते ती बहुधा एकाच ठिकाणी. ‘लागलं’ म्हणजे काय, हे आधी लिहिलेलं नसतं. ३०० फुटांच्या आत दीड इंच पाणी आणि एप्रिल-मेमध्येही मोटर रोज दोन तास चालणार, असं काहीतरी बोअरची गाडी रानात यायच्या आधी लिहा. नाहीतर पाऊण इंचही ‘लागलं’ होतं, आणि कोरड्या बोअरला कारणं फुटतात: दगड दोन फूट सरकला, आणखी पन्नास फूट जायला हवं होतं. कारण कितीही पटलं तरी नोंद ‘नाही लागलं’ मध्येच.

ढगाळ हवेने गुडघे दुखतात, यालाही हीच वही लावा. संधिवाताच्या १८ रुग्णांचं दुखणं आणि हवामान १५ महिने नोंदवून १९९६ साली छापलेल्या अभ्यासात दोन्हींचा मेळ बसला नाही. खानापुरात जुलैमध्ये बहुतेक रोज ढग. दुखणारा दिवस ढगाळ निघणारच! न दुखलेले ढगाळ दिवस कोण मोजतो?

पण सगळ्याच गोष्टींची वही ठेवता येत नाही. बातमी वाचली की मत होतं. तिथे ‘मी निःपक्षपाती राहीन’ असं ठरवून फारसं साधत नाही. १९८४ साली प्रसिद्ध झालेल्या एका प्रयोगात असं बजावलेल्यांचा आपल्याच मताकडचा कल कमी झाला नाही. निकाल उलटा आला असता तर हाच पुरावा मी मानला असता का, असं विचारायला लावलेल्यांचा झाला. सीमाप्रश्नावरच्या मेळाव्याच्या गर्दीचा आकडा वाचताना हे करून पाहा. हाच आकडा, याच वार्ताहराने, समोरच्यांच्या मेळाव्याचा दिला असता तर? अवघड जातं, आमच्याकडे जास्तच.

मोबाइलवर शोधतानाही प्रश्न दोन्ही बाजूंनी टाका. ‘हळदीने साखर कमी होते’ असं लिहिलं तर होकाराचीच पानं आधी समोर येतात. ‘हळदीने साखर कमी होत नाही’ हेही लिहा, आणि दोन्हीकडे माणसांवर केलेली चाचणी कुठे सापडते ते बघा.

आणि कुणी पाणाड्याऐवजी यंत्राने पॉइंट काढून घेणार असेल तर चांगलंच. फक्त त्या यंत्रवाल्यासाठीही वहीत वेगळं पान काढा, रकाने चारच.