व्हीएचएसला फोर-के केलं की झालं रिस्टोरेशन?

नमस्कार मंडळी! कंबोडियाच्या जुन्या पिक्चरांवर बोल म्हणून पिच्छाच पुरवलाय तुम्ही, तर बसा.

बेसिक पटकन उरकतो. 1960 ते 75 या काळात तिकडे साधारण 400 पिक्चर निघाले, 17 एप्रिल 1975 ला ख्मेर रूज या कट्टर कम्युनिस्टांनी राजधानी नोम पेन्ह घेतली, अख्खं शहर रिकामं केलं, थिएटरं बंद, कितीतरी कलाकार मारले गेले, आणि आज हाताशी आहेत ते फक्त 30 च्या आसपास. डी सावेथ ही त्यांची मोठी हिरॉइन, ती वाचली.

आता माझ्या डोक्यात जाणारी गोष्ट. 'दादा, रिस्टोर्ड फोर-के!' म्हणून लिंक येते, उघडावी तर व्हीएचएसची घासलेली कॉपी एआयमधून काढलेली. अरे, टेपवर जे उतरलंच नाही ते कम्प्युटर आणणार कुठून? तो ठोकून देतो! माझ्या भावाने मावशीच्या लग्नाची कॅसेट अशीच 'सुधारली', नवरदेवाच्या मुंडावळ्या थेट मिशीत विरघळल्या.

खरं काम आधी शोधाशोधीचं असतं. निगेटिव्ह, म्हणजे कॅमेऱ्यातली मूळ फिल्म, आहे का, नसेल तर कुठली प्रिंट कमी झिजलीय, परदेशात एखादी पडलीय का, हे बघायचं आणि मगच स्कॅन. त्यात दमट हवेत अॅसिटेटचं, म्हणजे जुन्या फिल्मच्या प्लास्टिकचं, रीळ सडतं, डबा उघडला की व्हिनेगरचा भपकारा येतो, फिल्म आक्रसते, कडेची भोकं मशीनच्या दात्यांवर बसत नाहीत, जबरदस्तीने चालवली की फाटते, म्हणून दाते नसलेला स्कॅनर लागतो. आणि फिल्मवर दिसतात ते बारीक दाणे घाण नाहीत हो, चित्र त्यांचंच बनलेलं असतं, पुसलेत की चेहरा मेणाचा!

एकाने विचारलंय, 'पिक्चरच नाहीत तर बोलायचं कशावर?' अरे, गाणी आहेत ना! तिथला गायक सिन सिसामुथ, त्याच्या रेकॉर्डी टिकल्या. दिग्दर्शक डेवी चूच्या 2011 च्या डॉक्युमेंटरीत माणसं गायब पिक्चरांच्या गोष्टी आठवून सांगतात, त्याचे आजोबाच तिकडे प्रोड्युसर होते. आणि नोम पेन्हला गेलात तर बोफाना सेंटर हे फिल्म-संग्रहालय गाठा, दिग्दर्शक रिथी पान्हने पुढाकार घेऊन 2006 मध्ये सुरू केलंय, जुनं फुटेज फुकट बघता येतं.

तर 'रिस्टोर्ड' दिसलं की आधी स्कॅन कशावरून केलंय ते डिस्क्रिप्शनमध्ये शोधा, लिहिलं नसेल तर मला लिंक पाठवू नका. आणि 'राजा हरिश्चंद्र पूर्ण अपलोड कर'वाले, 1913 चा तो पिक्चर अख्खा शिल्लकच नाहीये, कितीदा सांगू!