वाड्याबाहेरचे निळूभाऊ

मंडळी, पत्रिकेवर विषय छापलाय 'निळू फुले : लोकनाट्य ते चित्रपट'. विषय मीच सुचवला, तेव्हा तक्रारीला जागा नाही. पण त्याआधी एक जुनं दुखणं काढतो. पुढच्या रांगेतल्यांनी ते पूर्वी ऐकलंय. त्यांनी कृपा करून पहिल्यांदाच ऐकल्यासारखं हसावं.

मागे एका गावी एकपात्री स्पर्धेला परीक्षक म्हणून गेलो होतो. पहिला मुलगा आला. डोक्यावर टोपी, ओठाचा एक कोपरा वर, मान तिरकी. "बाई, वाड्यावर या." टाळ्या. दुसरा आला. तो शाळकरी, मिशी काजळाची, घामानं गालापर्यंत आलेली. "बाई, वाड्यावर या." पुन्हा टाळ्या. मग एक मुलगी आली. म्हटलं, चला, काही वेगळं ऐकू. तीही वाड्यावरच निघाली! शेवटी न राहवून मी त्या काजळमिशीवाल्याला जवळ बोलावलं. विचारलं, "बाळा, तू बोलत होतास ती बाई कोण? कुठे उभी होती? तू म्हणालास त्यावर ती काय म्हणाली?" तो म्हणाला, "सर, बाई नसते. नुसतं म्हणायचं असतं." शेजारी संयोजक बसले होते, ते माझ्या कानात म्हणाले, "द्या हो नंबर, सरपंचांचा भाचा आहे." दिला. उत्तेजनार्थ. मानधनाचं पाकीट अजून यायचंय, पण तो विषय वेगळा.

माझं भांडण निळूभाऊंच्या नकलाकारांशी नाही. नकला व्हाव्यात. दुखणं हे की त्या नकलेत समोरची बाईच नाहीशी झाली. आणि निळूभाऊंच्या कामात समोरचं माणूस कधीच नाहीसं होत नाही. माझा सगळा मुद्दा एवढाच आहे : हा माणूस बोलणारा नट म्हणून गाजला, पण मुळात तो ऐकणारा नट होता.

आता हे आलं कुठून? पुण्यात सैनिकी वैद्यकीय महाविद्यालयाच्या बागेत माळीकाम करणारा हा तरुण राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकात घडला. 'कथा अकलेच्या कांद्याची' या वगानं, म्हणजे लोकनाट्यानं, त्यांचं नाव गावोगाव केलं. तुमच्यापैकी ज्यांनी रात्रभर वग पाहिलेत त्यांना बतावणी, म्हणजे तिथले हजरजबाबी विनोदी संवाद, काय ते सांगायला नको. संहिता असते, नसतेही. समोरचा काय टाकेल याचा भरवसा नाही. त्यानं टाकलेला शब्द वरच्या वर झेलायचा तर आधी कान तयार लागतो. पाठ केलेलं वाक्य घेऊन उभा राहणारा तिथे पहिल्या फेरीत उघडा पडतो. हल्ली मालिकांमध्ये पाहतो, एकाचं वाक्य चालू असताना दुसरा पापणीही न लवता आपल्या पाळीची वाट पाहत उभा असतो, बँकेतल्या रांगेसारखा. असो. आमच्या घरी मालिकांबद्दल बोललेलं चालत नाही, आणि मंडळी घरातली इथेच बसली आहेत.

(चिठ्ठी आली आहे. 'दहा मिनिटे.' मला वाटलं चहाची असेल. बरं, पळतो आता.)

1968 साली 'एक गाव बारा भानगडी'मधून ते पडद्यावर आले. भूमिका झेलेअण्णाची. त्यावर बोलायचं होतं, सोडतो. 1972चं तेंडुलकरांचं नाटक 'सखाराम बाइंडर' घेऊ, त्यातला सखाराम निळूभाऊंचा. नाटकावर बंदी, दिग्दर्शक कमलाकर सारंगांची कोर्टातली लढाई, हे सगळं तुम्हाला ठाऊक आहे. सखाराम तोंडानं अखंड चालू असतो, पण त्याचा कान बघा. त्यानं घरात आणून ठेवलेली लक्ष्मी एकटी असताना मुंगळ्याशी बोलते, हसते. ते हसू सखारामच्या कानावर पडतं आणि रात्री तेच हसू तो तिच्याकडून जबरदस्तीनं मागतो. नुसता दरडावणारा नट इथे कामाचा नाही. दुपारचं हसू रात्रीपर्यंत ज्याच्या कानात राहिलंय, असा नट हवा.

मग 'सामना'. 1975मध्ये बर्लिनच्या महोत्सवात गेलेला चित्रपट. डॉ. लागूंचा मास्तर दारूच्या नशेत विचारत राहतो, "मारुती कांबळेचं काय झालं?" प्रश्न तोच, पण हिंदुराव धोंडे पाटलाचं, म्हणजे निळूभाऊंचं, ऐकणं दर वेळी बदलतं. आधी पाहुण्याची बडबड म्हणून कौतुकानं, पुढे सावधपणे, आणि नंतर असं की मास्तरपेक्षा आपली नजर हिंदुरावावरच खिळते. लागूंच्या त्या प्रश्नाला जी धार आली, तिचा निम्मा हिशोब मी निळूभाऊंच्या नावावर लिहितो. लागूप्रेमी इथे बरेच दिसतात, त्यांनी नंतर भेटावं.

'सिंहासन', 1979. दिगू टिपणीस, पत्रकार. म्हणजे ऐकणं हाच धंदा! मुख्यमंत्री, अर्थमंत्री, सगळे कटकारस्थानं करतात. हा मंत्रालयात फिरतो, नोंदी घेतो, सिगारेट ओढतो. वाडा नाही, मिशीवर हात नाही. इतकी वर्षं साठवलेलं ऐकणं शेवटी त्याच्याच डोक्यात मावेनासं होतं आणि तो रस्त्यावर वेड्यासारखा हसत सुटतो.

हिंदीतला 'सारांश'मधला गजानन चित्रे राहिला. सामाजिक कार्यकर्त्यांना मदत करणाऱ्या सामाजिक कृतज्ञता निधीसाठी केलेल्या 'लग्नाची बेडी'च्या प्रयोगांबद्दलही बोलायचं होतं, पण अध्यक्ष घड्याळाकडे बघतायत. ज्यांना प्रश्न असतील त्यांनी विचारा. नक्कल मात्र कुणी करून दाखवू नका.