मिनिटाला तीन मिलिमीटर

[पडद्यावर छापील मजकूर. मधलं एक अक्षर पुसट होत जातं.]

वाचता वाचता मधलंच अक्षर नाहीसं होतं. चष्मा पुसला, डोळे चोळले, तरी ते काही दिसत नाही. मग त्या जागी काहीतरी लुकलुकायला लागतं. त्याची होते टोकदार दातेरी कमान आणि ती हळूहळू कडेकडे सरकते. उजवा डोळा झाका, डावा झाका, दोन्ही मिटून घ्या, कमान दिसतेच. कारण ती डोळ्यात नाही, डोक्याच्या मागच्या बाजूला, मेंदूच्या नजर सांभाळणाऱ्या भागात आहे.

अर्धशिशीच्या काही रुग्णांना डोकं दुखण्याआधी हे दिसतं. डॉक्टर त्याला ऑरा म्हणतात.

[जुनी रंगीत चित्रं.]

ही चित्रं 1870 सालची. ह्युबर्ट एअरी या इंग्रज डॉक्टरनं स्वतःला दिसलेलं टप्प्याटप्प्यानं रंगवलं. त्या कोनाकोनांच्या रेघेत त्याला बुरुजांची तटबंदी दिसली. त्याचे वडील जॉर्ज एअरी इंग्लंडचे राजखगोलज्ञ. हा त्रास त्यांनाही होता.

कमाल केली ती अमेरिकन मानसशास्त्रज्ञ कार्ल लॅशलीनं. स्वतःला ऑरा सुरू झाला की नजर एका खुणेवर रोखायची आणि पसरणारी आकृती थोड्या थोड्या वेळानं कागदावर उतरवायची. मध्यापासून कडेपर्यंत लागलेला वेळ हाताशी होता, मेंदूतल्या त्या भागाची लांबीही साधारण ठाऊक होती. 1941 मध्ये त्यानं हिशेब मांडला: मेंदूत काहीतरी मिनिटाला सुमारे 3 मिलिमीटर वेगानं सरकतंय. कवटीला हातही न लावता!

पण मग कमान कडेला पोचताना मोठी का होते, तिचा वेग का वाढतो? नजरेच्या अगदी मधल्या भागासाठी मेंदूनं भरपूर जागा राखून ठेवलीय, कडेच्या वाट्याला थोडी. लाट एकाच चालीनं जाते. मध्याजवळच्या 3 मिलिमीटरमध्ये दृश्याचा चिमुकला तुकडा मावतो, कडेच्या 3 मिलिमीटरमध्ये बराच मोठा. लाटेच्या तोंडावरच्या पेशी खवळतात, ती लुकलुक. मागच्या पेशी गप्प होतात, तो आंधळा डाग.

1944 मध्ये आरिस्तिदेस लेआवं या ब्राझिलियन संशोधकाला सशाच्या मेंदूवर अशीच संथ लाट सापडली. माणसाच्या मेंदूत ती बघायची, तर ऑरा ऐन स्कॅनरमध्ये यायला हवा, आणि तो काही सांगून येत नाही. अखेर एक रुग्ण असा मिळाला, की बास्केटबॉल खेळला की त्याला हमखास ऑरा यायचा. त्याला खेळायला लावलं आणि एमआरआयमध्ये झोपवलं. 2001 मध्ये निष्कर्ष छापून आले. लाटेचा वेग: मिनिटाला सुमारे 3.5 मिलिमीटर.