एका शॉटची फिल्म

नमस्कार श्रोतेहो. बाबूराव पेंटरांच्या कोल्हापुराला कॅमेऱ्याचं वेड नवं नाही. आज बोलूया एकाच शॉटच्या प्रायोगिक लघुपटाबद्दल. यात कॅमेरा हलत नाही, संवाद नाहीत, पार्श्वसंगीतही नाही. १८९५ साली ल्युमिएर बंधूंनी पॅरिसमध्ये दाखवलेल्या फिल्म अशाच, जेमतेम पन्नास सेकंदांच्या, एका शॉटच्या होत्या.

आपल्याकडे यासाठी गुऱ्हाळासारखा विषय नाही. चौकटीत उकळती काईल, म्हणजे रस आटवायची मोठी कढई, आणि मळी काढणारे हात, एवढंच घ्या. गूळ करणाऱ्या गुळव्याचा चेहरा शक्यतो टाळा, नाहीतर बघणाऱ्याचं लक्ष रसावरून उडतं.

मोबाईल पुरेसा आहे, पण तो ऑटोवर ठेवला की घात होतो. वाफेचा पांढरा लोट आला की कॅमेरा चित्र काळवंडतो, लोट विरला की पुन्हा उजळतो. फोकसही वाफेमागे धावतो. म्हणून फोकस काईलीच्या काठावर धरून लॉक करा. आयएसओ, म्हणजे उजेडाची संवेदनशीलता, आणि व्हाइट बॅलन्स, म्हणजे रंगांचा तोल, हेही लॉक. सेकंदाला २५ फ्रेम, शटर, म्हणजे प्रत्येक फ्रेमवर उजेड पडण्याचा वेळ, १/५० सेकंद. आपली वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे १/६० ठेवलं तर बल्बच्या उजेडाचे पट्टे सरकताना दिसू शकतात. भर उन्हात मात्र १/५० ला चित्र पांढरंफटक पडतं. तिथे एनडी फिल्टर, म्हणजे उजेड कमी करणारी काळसर काच, लावा, नाहीतर सरळ संध्याकाळ गाठा.

पहाटेच्या थंडीतून आणलेल्या गार लेन्सवर बाष्प धरतं. फोन पंधरा-वीस मिनिटं गुऱ्हाळाच्या उबेत राहू द्या, वारा पाठीशी घ्या, सुती फडकं जवळ असू द्या. ट्रायपॉड चिपाडावर उभा केलात तर चिपाडं हळूहळू दबतात आणि चौकट तिरकी होते; पायांखाली फळी हवीच. फोन एअरप्लेन मोडवर टाका, फोन आला तर रेकॉर्डिंग तुटू शकतं.

आवाजासाठी दुसरा मोबाईल काईलीच्या बाजूला, पण चुलवाणाच्या धगीपासून लांब ठेवा. सुरुवातीला एक टाळी वाजवा, म्हणजे चित्र आणि आवाज जुळवता येतील. ऊस पिळणारा चरक चालू असेल तर इंजिनाखाली रसाची खदखद ऐकूच येत नाही. तो थांबेपर्यंत वाट बघा.

सुरुवात कुठून करायची, हे गुळव्यालाच विचारा. रस घट्ट होत आला की फेस बसतो, बुडबुडे जड होतात, रंग पालटतो. फिल्म खरी तिथेच आहे. गुळव्या पाक गार पाण्यात टाकून गोळी होते का बघतो, तेव्हा रेकॉर्डिंग चालू झालेलं असलंच पाहिजे. काईल उतरताना कुणीही जवळ जायचं नाही, पाक अंगावर उडतो. आणि ती रिकामी झाली तरी बटण लगेच दाबू नका. आणखी दोन मिनिटं घ्या, कुठे कापायचं ते एडिटिंगला बसल्यावर ठरवा.